तीनदा पडद्यावर गेलेला भाऊ

फोनबाईंच्या नवऱ्यानं उभ्या आयुष्यात एकच पुस्तक लिहिलं, आणि तेही तोंड उघडायची हिंमत नव्हती म्हणून. हे फोनबाईंचं मत. त्यांची जीभ एरवी कुणाची भीड ठेवणारी नव्हती, पण हे मत मात्र त्यांनी बरीच वर्षं दाताखाली दाबून ठेवलं. घरात आलेल्या माणसाला 'आता निघा' एवढं म्हणता येईना, म्हणून दोनशे पानं काळी केली, असं त्या मनात म्हणायच्या आणि भांडी जरा जास्तच जोरात आपटायच्या.

तो घरात आलेला माणूस म्हणजे त्यांचाच सख्खा धाकटा भाऊ.

फोनबाई टेलिफोन एक्सचेंजमध्ये होत्या. कानाला जड हेडफोन, समोर भोकांची भिंत, हातात दोऱ्या. इकडची दोरी तिकडे खुपसायची आणि दोन परक्या माणसांना एकमेकांच्या गळ्यात बांधून द्यायचं. दिवसभर हे केल्यावर माणसांबद्दल आदर वगैरे राहत नाही. गल्लीत कुणाचं काय चाललंय ते त्यांना माहीत असायचं, आणि त्यातलं ऐकण्यासारखं काही नसतं हेही. नवरा पाणीपुरवठा खात्यात टाक्या तपासायला होता. हातात टॉर्च घेऊन लोखंडी शिडीनं खाली उतरायचं, भिंतींवर शेवाळ किती धरलंय ते बघायचं आणि वर येऊन शांतपणे चहा प्यायचा. माणूस इतका सौम्य, की टाकीत मेलेली पाल सापडली तरी तिची अडचण समजून घेईल.

धाकटा आला तो एक ट्रंक, एक पिशवी कपडे आणि प्लॅस्टरचं एक भलंमोठं पोतं घेऊन. 'खोली मिळेपर्यंत, ताई. फार तर आठ दिवस.' तो दातांच्या डॉक्टरांसाठी कवळ्या बनवायचा. पुढच्या खोलीत उजेड चांगला, म्हणून त्यानं तिथं बस्तान मांडलं. आठवड्याच्या आत खिडकीत माणसांचे जबडे वाळायला लागले. पांढरे, राखाडी, काही वरचे, काही खालचे. सकाळी पावाचा तुकडा मोडावा तर समोर कुण्या निवृत्त न्यायाधीशाचे दात आ वासून बसलेले. घरातली लहान लेक त्या जबड्यांना शाळेतल्या बाईंची नावं ठेवून खेळायची.

आधी नवऱ्याची आरामखुर्ची हलली, कारण तिथं धाकट्याचं घासायचं यंत्र बसवायचं होतं. मग टेबल हललं. मग खुद्द नवराच हलला, स्वयंपाकघरात ओट्याच्या कडेला. तिथं बसून त्यानं 'राखाडी पाहुणा' ही कादंबरी लिहिली.

गोष्ट अशी. टाक्या तपासणाऱ्या एका माणसाच्या बुटाला चिकटून चिमूटभर राखाडी काहीतरी घरी येतं. मोरीखाली वाढायला लागतं. ते कुणाला चावत नाही, काही मागत नाही, हात लावला तर कोमट लागतं. टाकून द्यायची सगळ्यांना लाज वाटते. आधी त्याला वाटीभर दूध देतात, मग पांघरूण, मग खोली. शेवटी सगळं कुटुंब बाहेरचे कपडे चढवून बोळात उभं असतं, आणि 'त्याला सांगायचं कुणी' यावर कुजबुजत वाद घालत असतं. तिथंच पुस्तक संपतं.

फोनबाईंना तिसऱ्याच पानावर सगळं कळलं. पण बोलायचं कसं? 'हे माझ्या भावावर लिहिलंय' असं म्हटलं, की भाऊ जड झालाय हे त्यांनीच कबूल केल्यासारखं. तेव्हा त्या म्हणाल्या, 'छान आहे. अक्षर मात्र फार बारीक छापलंय.'

पुस्तक बरं खपलं. आणि मग सिनेमावाले आले.

ते दिवस लढाईच्या हवेचे होते. लढाई अजून लागायची होती, पण हवा आधीच सुटली होती. खिडक्यांना काळा कागद, अधूनमधून भोंग्याची चाचणी, भिंतीभिंतींवर 'अनोळखी माणसाची खबर द्या'. एक्सचेंजमध्ये वरिष्ठांनी बायकांना जमवून सांगितलं होतं, की बोलणं जोडताना काही संशयास्पद कानावर आलं तर निळं कार्ड वर करायचं. फोनबाईंच्या कानावर बटाटे, सासवा आणि गुडघेदुखी याखेरीज काही येत नव्हतं. पण शेजारच्या खुर्चीवरची बाई दिवसातून दोनदा कार्ड वर करायची आणि नंतर आरशात बघून केस नीट करायची.

या हवेत सिनेमा निघाला. काळापांढरा. पुस्तकातल्या सौम्य तपासनिसाचा झाला कॅप्टन, छाती पुढे काढून चालणारा. राखाडी वस्तू बुटाला चिकटून यायची सोडून सीमेपलीकडून लाकडी खोक्यात आली. आणि तिला घरात लपवलं कुणी, तर परक्या उच्चाराच्या, दाढीवाल्या शेजाऱ्यानं. कॅप्टनच्या बायकोला काम एकच, ट्रे हातातून सोडायचा आणि किंचाळायचं. 'मी आयुष्यात एक बशी फोडली नाही,' फोनबाई थिएटरात एवढ्या मोठ्यानं म्हणाल्या, की पुढच्या रांगेतला माणूस मागे वळला.

नवरा शिवून घेतलेल्या नव्या सुटात अवघडून बसला होता. पडद्यावर ती वस्तू पहिल्यांदा पूर्ण दिसली तेव्हा तो चमकला. 'अगं, हिला दात कुठून आले?'

'मी केलेत, भाऊजी,' पलीकडून धाकटा कुजबुजला. त्याचा चेहरा उजळून निघाला होता. 'त्यांना राक्षसाची कवळी बनवणारा कुणी मिळेना. तुमचं नाव सांगितल्याबरोबर काम दिलं. वरच्या जबड्यात मुद्दाम एक दात वाकडा ठेवलाय. नैसर्गिक वाटावं म्हणून.'

म्हणजे ज्याला घालवण्यासाठी पुस्तक लिहिलं, तोच पुस्तकाला दात बसवून शेजारी बसला होता. फोनबाईंनी नवऱ्याकडे बघितलं. नवरा रुमालानं चष्मा पुसत होता, आणि त्या पुसण्याला बराच वेळ लागला.

शेवटी कॅप्टननं आग ओकणाऱ्या नळीनं त्या रबरी पिशवीची राख केली, मग थेट प्रेक्षकांकडे बघून म्हणाला, 'तुमच्या शेजारी कोण राहतं, ठाऊक आहे?' टाळ्यांनी थिएटर दणाणलं. त्यांच्या गल्लीत कोपऱ्यावर एक शिंपी होता, बाहेरून आलेला, अडखळत बोलणारा. सिनेमा लागल्यावर लोकांनी त्याच्याकडे कपडे टाकणं बंद केलं. महिन्याभरात दुकानाला कुलूप लागलं. नवऱ्याचा तो नवा सूट ज्यानं शिवला, तोच हा शिंपी. ज्यांना मोरीखालच्या शेवाळाचीही भीती वाटायला नको, असली धट्टीकट्टी माणसं एका शिंप्याला घाबरली, याची फोनबाईंना इतकी चीड आली, की त्या सिनेमाचं नाव काढलं तरी त्या खोलीतून उठून जायच्या.

धाकट्याला खोली काही मिळाली नाही. नंतर नंतर तो शोधायचाही थांबला. लग्नही केलं नाही त्यानं. 'जबड्यांत राहणारी बायको कुठली मिळायला,' असं म्हणायचा.

दुसरा सिनेमा आला तोवर लेक लग्न होऊन दूर गेली होती. एक्सचेंजमधल्या दोऱ्या जाऊन यंत्रं आली होती आणि फोनबाई तक्रारींच्या टेबलावर बसून लोकांच्या शिव्या लिहून घेत होत्या. आणि हवाही बदलली होती. आता भीती सीमेपलीकडची नव्हती, कातडीची होती. एक नवा आजार आला होता, त्याचं नाव लोक ओठ न हलवता घ्यायचे. कुणाचा ग्लास कुणी घेईना. बँकेतल्या पेनालाही लोक कागद गुंडाळून धरायचे. आजारी माणसानं काहीतरी केलंच असणार, याबद्दल सगळ्यांची खात्री होती.

या खेपेचा दिग्दर्शक घरातसुद्धा काळा चष्मा काढत नव्हता. त्यानं नवऱ्याची सही घेतली आणि म्हणाला, 'तुमच्या पुस्तकात स्पर्श आहे, सर. कोमट. तिथंच सगळी भीती आहे.'

'भीती?' नवरा म्हणाला. 'मला वाटलं होतं, तिथं जरा प्रेमळ झालंय.'

तोवर तो खोकायला लागला होता. टाक्यांतली ओल वर्षानुवर्षं छातीत बसली होती, दुसरं काही नाही. डॉक्टरांनीही तसंच लिहून दिलं. पण लिहून दिलेलं वाचतो कोण? खोकला जिन्यात ऐकू यायचा, तेवढा लोकांना पुरे होता. दूधवाला बाटली खालच्या पायरीवर ठेवून पळायला लागला. समोरच्या घरची बाई, जिच्या तिन्ही बाळंतपणांत फोनबाई रात्रभर जागल्या होत्या, ती दार अर्धंच उघडायची. ऑफिसात फोनबाईंचा कप वेगळा निघाला, त्यावर कुणीतरी लाल रंगाचा ठिपका काढला. फोनबाईंनी दुसऱ्या दिवशी रंगाची बाटली आणून सगळ्याच कपांवर ठिपके काढले आणि साहेबांच्या कपावर दोन.

घरात मात्र गंमत वेगळीच होती. त्या कामावर गेल्या, की मागे धाकटा. तो भाऊजींना उचलून खुर्चीत बसवायचा, आंघोळ घालायचा, दाढी करायचा. औषधांनी दात हलायला लागले तेव्हा त्यानं मापं घेतली. 'आ करा, भाऊजी. अजून. आता हसू नका, साचा बिघडेल.' एकदा फोनबाई लवकर घरी आल्या तर दोघंही हसून हसून बेजार झाले होते. नवऱ्याच्या तोंडात ओलं प्लॅस्टर, धाकट्याच्या डोळ्यांत पाणी, आणि काय झालं ते दोघांपैकी एकालाही सांगता येईना. त्या दारातच थांबल्या. इतक्या वर्षांत हा माणूस एकदाचा निघून जावा असं त्यांनाही वाटून गेलं होतं, खोटं कशाला? आणि आता सगळं जग निघून गेलं होतं, तर हाच तेवढा उरला होता. निघायची अक्कलच नव्हती त्याला.

नवरा एका दुपारी गेला, धाकट्यानं उशी सारखी करत असताना.

सिनेमा त्यानंतर लागला. फोनबाई एकट्याच बघायला गेल्या, दुपारच्या खेळाला. रंगीत होता. सगळीकडे चिकट काहीतरी ओघळत होतं. राखाडी डाग पहिल्यांदा कुणाच्या अंगावर आला, तर जी मुलगी उशिरा घरी यायची तिच्या. मग तिच्या मित्राच्या. मग घरातल्या एकेकाच्या. ज्याला डाग, तो माणूस राहिला नाही, असा हिशेब. मध्यावर नायकाच्या मेहुण्याच्या मनगटावर डाग उमटतो. तो हात पुढे करून म्हणतो, 'मी आहे रे, मीच आहे.' नायक बंदूक उचलतो. गोळी सुटली आणि लोकांनी शिट्ट्या मारल्या.

फोनबाई उठल्या. रांगेतल्या सगळ्यांच्या पायांवर पाय देत बाहेर आल्या, थेट तिकिटाच्या खिडकीपाशी.

'काय झालं, बाई?' आतला माणूस म्हणाला.

'आत एका माणसाला गोळी घातलीय आणि लोक शिट्ट्या वाजवतायत.'

'सिनेमा आहे तो.'

'ते मलाही कळतं. शिट्ट्या खऱ्या आहेत ना?'

त्यानं पैसे परत देऊ का विचारलं. फोनबाई म्हणाल्या, 'ठेवा. हात धुवायला साबण आणा त्याचा.' आणि चालत घरी गेल्या. धाकट्यानं विचारलं, 'कसा आहे?' त्या म्हणाल्या, 'बघू नकोस. दात वाईट केलेत.'

पुढची वर्षं दोघं भावंडं त्याच घरात राहिली. भांडत राहिली म्हणणं जास्त बरोबर. कवळ्यांचं काम कमी झालं, कारण डॉक्टर आता स्क्रू मारून दात बसवायला लागले. धाकटा म्हातारा झाला तरी धाकटाच राहिला. कान थोडे गेले, बाकी ठणठणीत.

मग एक दिवस तिसऱ्या सिनेमावाली आली. ही दिग्दर्शिका होती, नातीच्या वयाची, डोक्याची एक बाजू भादरलेली, दुसऱ्या बाजूला भरपूर केस. फुलं घेऊन आली आणि ठेवायला जागा न सापडल्यामुळे बोलणं संपेपर्यंत मांडीवर घेऊन बसली. तिच्या सिनेमात राखाडी वस्तू म्हणजे एक डबी होती. हाताएवढी, घरात ठेवायची. विचारलं तर उत्तर देणार, दिवे लावणार, औषधाची आठवण करणार. मुलगा परदेशी जाताना म्हाताऱ्या आईजवळ ठेवून जातो.

'आजी, तुम्हाला राग नाही ना येणार?' ती म्हणाली. 'प्रत्येक पिढीनं या पुस्तकात आपली भीती घातली. पहिल्यांना परक्यांची भीती होती. दुसऱ्यांना शरीराची. आम्ही कशाला घाबरतो ते मला दाखवायचंय.'

'तुम्ही कशाला घाबरता?'

'कुणीतरी सतत सोबत असण्याला. आणि कुणीच सोबत नसण्याला.'

'दोन्ही एकदम?'

'हो.'

'मग सिनेमा कशाला काढतेस? डॉक्टरला दाखव.'

मुलगी मोकळेपणानं हसली. तिला राग आला नाही, हे फोनबाईंना आवडलं आणि तिथंच त्या घसरल्या. धाकटा औषधांच्या दुकानात गेला होता. घर रिकामं, ऐकणारी मुलगी हुशार, आणि त्या मोठ्या गप्पांचा तर त्यांना अगदी वीट आला होता. परके म्हणे, शरीर म्हणे, पिढी म्हणे!

'हे बघ बाळ,' त्या म्हणाल्या, 'त्या पुस्तकात कसलीही पिढीबिढी नाही. तो माझा भाऊ आहे. आठ दिवसांसाठी आला आणि गेलाच नाही. ह्यांना सांगवेना, म्हणून ह्यांनी राक्षस लिहिला. आणि तुम्ही सगळे शहाणे त्याला कधी हेर करता, कधी रोग करता, आता डबी करताय.'

मुलगी हसून हसून फुलांवर वाकली. मग डोळे पुसून म्हणाली, 'पण आजी, वाचणाऱ्यांना तुमचे भाऊ कुठं माहीत होते? त्यांनी त्यांच्या घरातलंच कुणीतरी घातलं त्या खोलीत. तेच होणार ना?'

'चहा गार होतोय,' फोनबाई म्हणाल्या.

पहिल्या खेळाला दोघांनाही आमंत्रण आलं. धाकट्यानं जुना कोट ब्रश करून घातला. पुढच्या रांगेत मधोमध जागा. खेळ सुरू होण्याआधी दिग्दर्शिका मंचावर आली, चार लोकांचे आभार मानले, आणि मग तिला गंमत सांगायचा मोह झाला. नाव घेतलं नाही तिनं, वाईट हेतूही नव्हता. 'तुम्हाला माहितीये, या कथेतला खरा राक्षस कोण होता? लेखकाचा मेहुणा! आठ दिवसांसाठी राहायला आला, आणि कधी गेलाच नाही!'

अख्खं थिएटर हसलं. तीन पिढ्यांत या गोष्टीला एवढं हसू कधी मिळालं नसेल. फोनबाईंची मान ताठ झाली ती वळेना. सगळं थांबल्यावर, एका श्वासानं उशिरा, शेजारून धाकट्याचं हसणं ऐकू आलं. एकटंच. बाकीचे का हसले ते नीट ऐकू न आलेल्या माणसानं सोबत म्हणून हसावं, तसं. फोनबाईंनी मनाची समजूत घातली, की त्याला ऐकूच आलं नाही.

सिनेमात काय झालं ते त्यांना धड आठवत नाही. एवढंच आठवतं, की म्हातारी डबी उचलून कचऱ्यात टाकते, आणि अंधारातून आवाज येतो, 'मी इथंच आहे.' तेव्हा सगळी तरुण पोरं दचकून एकमेकांना बिलगली. एरवी फोनबाईंनी यावर मनसोक्त तोंड सोडलं असतं. कुणी इथंच आहे म्हटलं की घाबरायचं! असले लोक! पण त्या दिवशी त्यांना शब्द फुटला नाही.

सकाळी धाकटा दाढी करून, कोट घालून पुढच्या खोलीत बसला होता. पायाशी पिशवी.

'कुठं निघालास?'

'बघितलंय एक ठिकाण. वृद्धांसाठी आहे. बागबीग आहे. एक जुना डॉक्टर राहतो तिथं, त्यानं बोलून ठेवलंय.'

'डोकं फिरलंय का तुझं? ती पोरगी काहीतरी बरळली...'

'ताई,' तो म्हणाला, 'ते मला माहीत होतं.'

'काय माहीत होतं?'

'पुस्तकातला तो मीच आहे, ते. भाऊजींनी पहिली प्रत मलाच दिली होती. म्हणाले, वाच आणि काय ते समज. मी वाचली. समजलो.'

'मग गेला का नाहीस?' फोनबाईंच्या तोंडून निघून गेलं.

धाकटा थोडा हसला. 'दुसऱ्या दिवशी मी ट्रंक भरली होती. भाऊजींनी ती बघितली आणि एवढे ओशाळले, की तासभर माझी समजूत काढत बसले. अरे, ती नुसती गोष्ट आहे, म्हणे. मग मी आणखीच राहिलो, त्यांना वाईट वाटू नये म्हणून.' त्यानं कोटाची बटणं चाचपली. 'त्यांनी लिहिलं ते वेगळं, ताई. त्यात कुणी मला हाकलत नाही. सगळे बोळात उभे राहतात, पण हाकलत नाहीत. तू मात्र त्या पोरीला सांगितलंस, आणि हसायला सांगितलंस.'

'मी कुठं हसायला सांगितलं?'

'हसण्यासारखंच सांगितलं असशील. तुला दुसरं सांगता येतं का?'

तो गेला. फोनबाईंनी अडवलं नाही. 'जा, जा. दोन दिवसांत तोंड घेऊन परत येशील,' असं जिन्यावरून ओरडल्या, आणि ते साऱ्या जिन्यानं ऐकलं.

दोन दिवस गेले, दोन आठवडे गेले. लेकीचा फोन आला. 'मामा कुठंय?' तिला सगळं सांगितल्यावर ती म्हणाली, 'आई, तुझं तोंड ना.' फोनबाईंनी फोन ठेवला. पुढची खोली मोकळी झाली होती. ऊन थेट भिंतीपर्यंत यायचं. त्यांनी त्या उन्हाला, त्या भिंतीला, त्या दिग्दर्शिकेला आणि सिनेमा या एकूण प्रकाराला मनसोक्त नावं ठेवली. उत्तर द्यायला कुणी नसलं की नावं ठेवण्यातही मजा येत नाही, हे त्यांना हळूहळू कळायला लागलं, आणि ते कळल्याचाही राग आला.

शेवटी एका सकाळी त्या पत्ता शोधत गेल्या. धाकटा व्हरांड्यात टेबलाशी बसला होता, नाकावर भिंग, हातात कानस. भोवती चार म्हातारे बोळक्या तोंडानं आपापली पाळी यायची वाट बघत होते. निम्म्या रहिवाशांच्या कवळ्या टोचत होत्या आणि कुणी दुरुस्त करणारा मिळत नव्हता.

'ह्या माझ्या ताई,' त्यानं सगळ्यांना सांगितलं. 'राक्षसाच्या थोरल्या बहीण.'

म्हातारे आदरानं हसले. म्हणजे इथं त्यानं स्वतःच सगळीकडे सांगून ठेवलं होतं! तिन्ही सिनेमांत आपण कसे आहोत ते, रंगवून. फोनबाईंचा पारा चढला. मी सांगितलं तर अपमान, आणि हा स्वतः सांगत फिरतो तर चालतं? त्या तसं म्हणणारही होत्या. पण तेवढ्यात एका म्हाताऱ्यानं नीट केलेली कवळी तोंडात घातली, दोनदा चावून बघितलं आणि धाकट्याच्या खांद्यावर हात ठेवला, आणि फोनबाईंना तो हात बघवेना.

त्या त्याला बाजूला बाकावर घेऊन गेल्या. बराच वेळ इकडचं तिकडचं बोलल्या. इथला चहा पाणचट आहे, पायऱ्यांना कठडा नाही, तुझा कोट उसवलाय.

'ताई, कशाला आलीस?'

नवऱ्याला 'जा' म्हणता आलं नाही म्हणून ज्या बाईनं जन्मभर त्याला मनात नेभळट म्हटलं, तिची जीभ त्या बाकावर लाकडासारखी झाली.

'मला...' त्या म्हणाल्या, 'मला एकटीला राहवत नाही तिथं. चल घरी.'

'ऐकू नाही आलं.'

'आलंय तुला ऐकू!'

'खरंच नाही आलं. या कानाशी म्हण.'

मग त्यांना ते मोठ्यानं म्हणावं लागलं. चारही म्हाताऱ्यांनी ऐकलं, बागेत पाणी घालणाऱ्या माणसानंही ऐकलं. 'तुझ्याशिवाय राहवत नाही मला! चल!'

धाकट्यानं भिंग काढून खिशात ठेवलं. 'सोमवारी येईन,' तो म्हणाला. 'रविवारी बुद्धिबळाचा शेवटचा सामना आहे. मी त्यात आहे.'

'चालतं घोडं कसं ते तरी ठाऊक आहे का तुला?'

'शिकतोय.'

तो सोमवारी आला नाही. मंगळवारी दुपारी आला, सामना हरून, वर दुसऱ्याच कुणाची तरी छत्री घेऊन. फोनबाईंनी दार उघडलं आणि विचारलं, की हरायला एवढे दिवस कशाला लागतात. तो म्हणाला, समोरचा माणूस एकेका चालीला झोपून जायचा. त्या म्हणाल्या, मग तो झोपेत जिंकला म्हणायचा. आणि तो अजून बूट काढत होता तेवढ्यात दोघांचं जुंपलं, छत्री कुणी परत करायची यावरून.